आभासी वास्तवाधारित एक्सपोजर थेरपी

भयगंड व काही चिंताविकृतींवरील वर्तनोपचाराची एक पद्धत. उंची, विमानप्रवास, कोळी, बंदिस्त जागा, श्रोत्यांसमोर बोलणे अशा ज्या गोष्टीची रुग्णाला प्रमाणाबाहेर भीती वाटते, ती संगणकाने निर्माण केलेल्या त्रिमितीय दृश्यात टप्प्याटप्प्याने त्याच्यासमोर आणली जाते. रुग्णाच्या डोळ्यांवर हेडसेट असतो व मान वळेल तसे दृश्य वळते. तेच दृश्य चिकित्सकाला पडद्यावर दिसते आणि त्याची तीव्रता कमी-जास्त करणे त्याच्या हाती असते. हेडसेट हे यातील केवळ साधन आहे. उपचार म्हणजे भीतीशी क्रमाक्रमाने करवलेला सामना, आणि तो या साधनाच्या बराच आधीपासून चालत आला आहे.

टाळाटाळीने भीती तात्पुरती शमते, पण टिकून राहते, हे या उपचाराचे मूळ गृहीतक. मेरी कव्हर जोन्स यांनी १९२४ मध्ये सशाला घाबरणाऱ्या एका लहान मुलाच्या नोंदी प्रसिद्ध केल्या. मूल खाण्यात रमले असताना ससा थोडाथोडा जवळ आणत त्यांनी त्याची भीती घालवली होती. दक्षिण आफ्रिकेतील मनोविकारतज्ज्ञ जोसेफ वोल्पे यांनी १९५८ मध्ये क्रमशः असंवेदनीकरणाची सविस्तर मांडणी केली. त्यांचे रुग्ण शिथिल अवस्थेत भीतीचे प्रसंग मनात उभे करत. मात्र अनेकांना असे प्रसंग पुरेसे जिवंत कल्पिता येत नाहीत. प्रत्यक्ष सामना अधिक परिणामकारक असला तरी खर्चिक व गैरसोयीचा ठरतो आणि पुष्कळ रुग्ण त्याला नकार देतात. कल्पना आणि प्रत्यक्ष यांमधील ही रिकामी जागा आभासी वास्तवाने भरून काढली.

आद्यत्वाचा मान कोणाला द्यावा, याबाबत मतभेद आहेत. क्लार्क अटलांटा विद्यापीठातील मॅक्स नॉर्थ, सारा नॉर्थ आणि जोसेफ कोबल यांचे काम साधारणतः १९९२-९३ च्या सुमारास सुरू झाले असे त्यांच्या लेखनावरून दिसते. त्यांचे पहिले निष्कर्ष मोकळ्या व गर्दीच्या जागांच्या भीतीविषयी आहेत. जवळजवळ त्याच काळात कॅलिफोर्नियात कैसर परमनन्टे या आरोग्यसंस्थेतील राल्फ लॅमसन उंचीच्या भीतीवर आभासी दृश्यांचा प्रयोग करत होते. पुढे त्यांना या पद्धतीचे पेटंटही मिळाले. तिसरा गट जॉर्जिया टेक येथील संगणकशास्त्रज्ञ लॅरी हॉजेस व एमरी विद्यापीठातील मानसशास्त्रज्ञ बार्बरा रॉथबॉम यांचा. केवळ कालक्रम पाहिला, तर पहिल्या दोन दाव्यांपैकी एकाची निवड करावी लागते. परंतु तुलनेसाठी नियंत्रित गट ठेवून वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झालेली सर्वांत जुनी चाचणी म्हणून सामान्यतः रॉथबॉम-हॉजेस गटाच्या १९९५ च्या अभ्यासाचाच हवाला दिला जातो. उपचारपद्धतीचा आरंभ तिच्या पडताळणीपासून मोजणे अधिक योग्य वाटते. त्या दृष्टीने या गटाचा अधिकार मोठा ठरतो.

त्या अभ्यासात उंचीला घाबरणाऱ्या विद्यार्थ्यांना वेगवेगळ्या उंचीवरचे पादचारी पूल, सज्जे आणि ४९ मजले वर जाणारी काचेची लिफ्ट दाखवण्यात आली. आजच्या मानाने ती दृश्ये अगदी ओबडधोबड होती. तरीही सहभागींना घाम फुटला, गुडघ्यांतले बळ गेले, तोल जातो आहे असे वाटले. उपचार पूर्ण केलेल्या १० जणांपैकी ७ जण तसे सांगितलेले नसतानाही मधल्या काळात खऱ्याखुऱ्या उंच जागी जाऊन आले. ही नोंद या क्षेत्रातील सर्वांत महत्त्वाच्या नोंदींपैकी एक मानावी लागेल, कारण चित्रात कमावलेले धैर्य चित्राबाहेर टिकते का, हाच कळीचा प्रश्न होता.

प्रत्यक्ष सत्रात आधी रुग्णाकडून भीतीच्या प्रसंगांची चढती यादी करून घेतात. दर थोड्या वेळाने तो आपली अस्वस्थता ० ते १०० या मापावर सांगतो. आकडा पुरेसा उतरला की पुढची पायरी घेतली जाते. रुग्ण डोळे मिटून घेतो का, कठडा घट्ट धरून ठेवतो का, मनातल्या मनात दुसरेच काही मोजत बसतो का, याकडे चिकित्सकाचे बारीक लक्ष असते. अशा पळवाटांनी सत्र पार पडते, पण शिकणे होत नाही. वॉशिंग्टन विद्यापीठातील हंटर हॉफमन व सहकाऱ्यांनी कोळ्याच्या भीतीसाठी स्पर्शाचीही जोड दिली. रुग्ण आभासी कोळ्याकडे हात नेई, तेव्हा त्याच्या बोटांना खेळण्यातला केसाळ कोळी खरोखरच लागत असे. २००२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत उपचार घेतलेल्यांपैकी ८३ टक्के रुग्णांत लक्षणीय सुधारणा दिसली. उपचाराची वाट पाहणाऱ्या, म्हणजे प्रतीक्षा यादीतील गटात ती कोणातही दिसली नाही.

समोरचे खरे नाही हे ठाऊक असताना भीती का वाटते आणि का ओसरते, यावर दोन प्रमुख मते आहेत. मानसशास्त्रज्ञ एडना फोआ व मायकेल कोझाक यांच्या १९८६ च्या मांडणीनुसार भीतीची स्मृतिरचना आधी जागृत व्हावी लागते, मग तिच्याशी विसंगत अनुभव तीत सामावतो. मानसशास्त्रज्ञ मिशेल क्रास्के यांच्या मते जुनी भीती पुसली जात नाही. तिच्याशेजारी नवे शिक्षण उभे राहते आणि ते अपेक्षाभंगातून, म्हणजे भाकीत केलेले वाईट न घडल्याच्या अनुभवातून घडते. दुसरे मत अलीकडे अधिक ग्राह्य मानले जाते, पण आभासी दृश्यात ते एक अडचण उभी करते. पुलावरून आपण खरोखर पडणार नाही हे रुग्णाला आधीच माहीत असते, मग भंग कोणत्या अपेक्षेचा होणार? म्हणून ‘मी पडेन’ याऐवजी ‘ही भीती मला सोसवणार नाही’ ही समजूत कसोटीला लावणे हितकारक ठरते. आपण खरोखरच त्या दृश्यात आहोत ही जाणीव आणि भीतीची तीव्रता यांचा संबंध मध्यम स्वरूपाचा आढळतो. केवळ चित्रण हुबेहूब केल्याने गुण वाढतोच असे नाही.

परिणामकारकतेचे बहुतेक मोठे आकडे उपचार न मिळालेल्या गटाशी केलेल्या तुलनेतून आले आहेत, त्यामुळे ते जपून वाचले पाहिजेत. प्रत्यक्ष सामन्याशी केलेली तुलना जास्त बोलकी आहे. पॉल एमेलकॅम्प यांनी नेदरलँड्समध्ये २००२ च्या अभ्यासात प्रत्यक्ष सामन्यासाठी रुग्णांना जेथे नेले जाई त्याच जागांच्या आभासी प्रतिकृती वापरल्या आणि दोन्ही पद्धती सारख्याच गुणकारी आढळल्या. ३० चाचण्या व १,०५७ सहभागी यांच्या २०१९ मधील एकत्रित विश्लेषणातही दोन्हींत लक्षणीय फरक दिसला नाही. स्वीकृतीत मात्र मोठा फरक आहे. स्पेनमधील २००७ च्या अभ्यासात प्रत्यक्ष सामना नाकारणारे सुमारे २७ टक्के होते, आभासी नाकारणारे अवघे ३ टक्के. एरवी उपचाराच्या दारातूनच परत फिरले असते असे रुग्ण यामुळे आत येतात, आणि पद्धतीचे खरे मोल इथेच आहे.

आघातोत्तर ताणविकृतीत (युद्धासारख्या भीषण अनुभवानंतर जडणाऱ्या विकारात) चित्र तितके स्पष्ट नाही. व्हिएतनाम व इराक युद्धांतील सैनिकांसाठी खास दृश्ये तयार झाली, पण २०१६ च्या एका मोठ्या चाचणीत पाठपुराव्याच्या वेळी कल्पनेवर आधारित दीर्घ सामनाच सरस ठरला. समाजभय व मनोविदलतेतील (स्किझोफ्रेनियातील) बाहेर पडण्याची भीती यांवरही अभ्यास झाले आहेत.

२०१८ मध्ये ऑक्सफर्डच्या डॅनियल फ्रीमन यांच्या गटाने १०० जणांच्या चाचणीत चिकित्सकाची जागा आभासी मार्गदर्शकाला दिली. उंचीची भीती सरासरी ६८ टक्क्यांनी घटली, पण तुलनेतील गटाला उपचार नव्हता. पाठोपाठ स्मार्टफोन व पुठ्ठ्याचा दर्शक वापरून घरच्या घरी करायचे कार्यक्रमही तपासले गेले. हेडसेटमुळे काहींना मळमळ व चक्कर येते. डोळ्यांना हालचाल दिसते पण अंतर्कर्णाला ती जाणवत नाही, हे त्याचे मुख्य कारण. प्रकाशाच्या लुकलुकण्याने झटके येणाऱ्या अपस्माराच्या रुग्णांना हा उपचार देण्याचे टाळतात.