लोखंडी कपाटातली हार्डडिस्क

22 जुलै 2021ला वाशिष्ठीचं पाणी चिपळुणात शिरलं. पूर ओसरल्यावर मावशीकडे चिखल उपसायला गेलो, तर कपाटाच्या तळच्या खणात लग्नाचा अल्बम आणि शेजारी हार्डडिस्क, दोन्ही गाळात. फोटो स्वच्छ पाण्यातून अलगद काढून दोरीवर चिमट्यांनी लावले. कडा गेल्या, पण बरेचसे चेहरे वाचले. डिस्क मात्र "बघूया तरी" म्हणून मी संगणकाला जोडली. खरखर झाली आणि ती कायमची बंद पडली. नातवाचं बारसं त्यातच होतं.

तेव्हा मला माहीत असायला हवं होतं ते असं. डिस्कच्या फिरत्या चकतीवर फोटो चुंबकीय ठिपक्यांच्या रूपात असतो. तो वाचणारं टोक चकतीला टेकत नाही, जेमतेम काही नॅनोमीटर वरून तरंगतं. माणसाचा केस हजारो पट जाड, मग गाळाचा कण म्हणजे डोंगरच. बहुतेक डिस्कना आतला-बाहेरचा दाब सारखा राहावा म्हणून बारीक छिद्र असतं. त्याच्या गाळणीने धूळ अडते, पूर नाही. म्हणून भिजलेली डिस्क सुरू करू नका, तांदळात पुरू नका, उन्हातही ठेवू नका. ओली असतानाच पिशवीत बंद करून डेटा काढून देणाऱ्या जाणकाराकडे न्या.

पेनड्राइव्ह, मेमरी कार्डाचं वेगळं. तिथे फोटो म्हणजे सूक्ष्म कप्प्यांत अडकवून ठेवलेला विद्युतभार. तो वर्षानुवर्षं हळूहळू झिरपतो, उष्णतेत जास्तच. शिवाय आपली खारी, दमट हवा! दोन पावसाळे फडताळात राहिलेल्या माझ्या पेनड्राइव्हच्या टोकावर हिरवट पूड धरली होती.

यापैकी कुठलंच साधन भरवशाचं नाही. भरवसा प्रतींच्या संख्येवर आणि त्यांच्यातल्या अंतरावर. छायाचित्रकार पीटर क्रोग यांनी रूढ केलेला नियम सोपा आहे: तीन प्रती, दोन प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक घराबाहेर. ही तिसरी प्रत क्लाउडवर चालते, पण एक जपा. फोन आणि क्लाउड सिंक असतील तर फोनमधून पुसलेला फोटो बहुधा तिथूनही जातो. काही दिवस तो ट्रॅशमध्ये सापडतो, मग तोही नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर नेहमीसारखा पाठवलेला फोटो तर आकसून जातो. मूळ फाइल हवी तर ती डॉक्युमेंट म्हणून पाठवावी.

नेटची रेंज जिथे डोंगरामागे राहते, तिथे कोकणाकडे एक हक्काची वाट आहे: चाकरमानी. आता गणपतीला मावसभाऊ डोंबिवलीहून एक डिस्क घेऊन येतो, मावशीकडची भरलेली घेऊन जातो. बाप्पाच्या विसर्जनाआधी दोघं ओटीवर बसून कुठल्याही वर्षातले दहा-बारा फोटो उघडून पाहतात. न उघडणारा एकही निघाला, तर दुसऱ्या डिस्कवरून तो तिथेच परत उतरवून घेतात.