टेकाडाचं बेट होतं तेव्हा

मराठवाड्याला समुद्र नाही, पण बेटं आहेत. पैठणच्या नाथसागरात, म्हणजे जायकवाडी धरणाच्या जलाशयात, उन्हाळ्यात पाणी ओसरलं की काळ्या खडकांच्या पाठी उघड्या पडतात. पन्नास-साठ वर्षांपूर्वी ही गोदाकाठची साधी टेकाडं होती. १९६५ साली लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते जायकवाडी धरणाची पायाभरणी झाली, १९७६ साली इंदिरा गांधींनी उद्घाटन केलं. शंभराहून अधिक गावं पाण्याखाली गेली. उंच टेकाडांचे माथे तेवढे उरले. खडक मात्र सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. वेरूळची लेणी ज्यात कोरली, तोच हा काळा पाषाण.

१९८६ पासून नाथसागर पक्षी अभयारण्य आहे. हिवाळ्यात रोहित (फ्लेमिंगो) आणि हिमालय ओलांडून येणारे पट्टकादंब हंस पाहायला लोक येतात. मला मात्र बेटाचा खरा रहिवासी वाटतो तो नदी सुरय. पिवळी चोच, काळी टोपी, दुभंगलेली शेपटी.

मे महिन्यात मासेमारी करणाऱ्या एका मामांनी चप्पू, म्हणजे आपली छोटी होडी, खडकापासून लांबच थांबवला. "फुडं नगं, अंडी हायेत." दुर्बिणीतूनही मला आधी दगडच दिसले. मग त्यातले दोन वेगळे निघाले, राखाडी-हिरवट, तपकिरी ठिपक्यांचे. घरटं म्हणजे नुसता खळगा, काडी नाही की पीस नाही. मादी पंख जरा सैल सोडून उभी होती. एरवी पक्षी ऊब देतो. इथे भर दुपारी अंड्यांवर सावली धरावी लागते. शेजारची टिटवी तर पाण्यात पोट भिजवून येते आणि त्या ओल्या पिसांनी अंडी थंड ठेवते. अंडं चाळीस अंशांच्या वर फार वेळ तापलं, तर आतला जीव वाचत नाही. आपल्याला घाबरून पक्षी उडाला, तर तेवढा वेळही पुरतो. म्हणून मामांचं लांब थांबणं मला फार मोलाचं वाटलं.

पण बेटाचं बेटपण पाण्यावर अवलंबून असतं. साठा घटला की काठ आत सरकतो, उघड्या गाळावर गाळपेर होते आणि कोरड्या पट्ट्यावरून कुत्री, कोल्हे थेट अंड्यांपर्यंत पोचतात. नदी सुरय आज धोक्यातल्या जीवांच्या जागतिक लाल यादीत 'असुरक्षित' गटात आहे, आणि खडकावरची अंडी अशी हातची जाणं हे त्याचं एक मोठं कारण.

परतताना मामांनी बेट आणि काठ यांच्यामध्ये काठी बुडवली. पाणी गुडघाभर भरलं. "पिल्लं उडंस्तोवर एवढं तरी राह्यलं पायजे," म्हणाले, आणि काठीवरची ओली खूण दोनदा बघितली.