शेक्सपिअरची भाषा आणि तिचा इंग्रजीवरील प्रभाव

इंग्लिश नाटककार व कवी विल्यम शेक्सपिअर (१५६४–१६१६) याच्या नाट्य-काव्यातील भाषेचे स्वरूप आणि तिचा पुढच्या इंग्रजीवर झालेला परिणाम हा या नोंदीचा विषय आहे. त्याची इंग्रजी ‘प्रारंभिक आधुनिक इंग्रजी’ या टप्प्यात मोडते. त्या काळी भाषा झपाट्याने बदलत होती आणि तिचे नियम अजून कोणी बांधून दिलेले नव्हते. रॉबर्ट कॉड्री याचा सुमारे अडीच हजार शब्दांचा पहिला इंग्रजी–इंग्रजी कोश १६०४ साली निघाला, तोवर ‘हॅम्लेट’ रंगमंचावर येऊन गेले होते. शुद्धलेखनही स्थिर नव्हते. शेक्सपिअरच्या म्हणून ओळखल्या जाणाऱ्या ज्या सहा सह्या उरल्या आहेत, त्यांत त्याच्या स्वतःच्या आडनावाची अक्षरेही एकसारखी नाहीत.

या भाषेतील एक गोष्ट आजच्या इंग्रज वाचकापेक्षा मराठी वाचकाला चटकन उमगते, ती म्हणजे द्वितीयपुरुषी सर्वनामांतला भेद. तेव्हा इंग्रजीत ‘दाऊ’ आणि ‘यू’ अशी दोन संबोधने होती व त्यांचा वापर बराचसा आपल्या ‘तू’ आणि ‘तुम्ही’सारखा, नाते, मान आणि मनःस्थिती यांवर ठरत असे. ‘हॅम्लेट’च्या तिसऱ्या अंकात राणी गर्ट्रूड मुलाला म्हणते की, तू तुझ्या वडिलांना फार दुखावले आहेस, इथे वडील म्हणजे सावत्र बाप क्लॉडियस. हॅम्लेट तेच वाक्य उलटवून उत्तर देतो की, आई, तुम्ही माझ्या वडिलांना फार दुखावले आहे. आणि त्याच्या मनात असतो तो मारला गेलेला खरा बाप. पुढच्याच वाक्यात राणी ‘दाऊ’ सोडून ‘यू’वर येते आणि मायलेकांतले अंतर एका सर्वनामाने वाढते. आजच्या इंग्रजीत ‘यू’ एवढेच उरल्यामुळे हा फरक टीपेशिवाय कळत नाही. मराठी भाषांतरकाराची अडचण निराळी आहे: आपल्याकडे आईला सहसा ‘तू’च म्हणतात, त्यामुळे हॅम्लेटचा ‘यू’ मराठीत आणताना सूर सांभाळावा लागतो.

नाटकांचा मोठा भाग ‘ब्लँक व्हर्स’ या निर्यमक छंदात आहे. त्याच्या ओळीत साधारण दहा अक्षरे येतात आणि दर दुसऱ्या अक्षरावर आघात पडतो. हा छंद शेक्सपिअरच्या आधीचा आहे. ख्रिस्टोफर मार्लो याने तो रंगभूमीवर गाजवला होता. शेक्सपिअरच्या सुरुवातीच्या नाटकांत वाक्य बहुधा ओळीबरोबर संपते, तर उत्तरकाळात ते ओळ ओलांडून पुढे जाते, मध्येच तुटते, पुन्हा उचलले जाते. ‘किंग लिअर’च्या शेवटी मेलेल्या मुलीला घेऊन बसलेल्या लिअरच्या तोंडी एक संपूर्ण ओळ आहे, ती म्हणजे ‘नेव्हर’ हा शब्द पाच वेळा. या शब्दाचा आघात पहिल्या अक्षरावर असल्याने छंदाची सगळी चाल त्या ओळीत उलटी होते. १६०८च्या छापील प्रतीत ‘नेव्हर’ तीनदाच आहे, पाच वेळा येतो तो १६२३च्या प्रतीत. इतक्या साध्या शब्दातून इतके दुःख उभे करणारी दुसरी ओळ इंग्रजीत क्वचितच सापडेल.

लॅटिन घराण्यातले भारदस्त शब्द आणि जुन्या इंग्रजीतले छोटे, घरगुती शब्द एकमेकांशेजारी ठेवणे ही त्याची आवडती रीत आहे. खून करून आलेला मॅक्बेथ म्हणतो की, समुद्रानेही माझे हात धुतले जाणार नाहीत, उलट हे हातच समुद्र रंगवून टाकतील. तिथे ‘मल्टिट्यूडिनस’ आणि ‘इन्कार्नडाइन’ असे लांब शब्द येतात आणि लगेच ‘ग्रीन’ आणि ‘रेड’ असे एकाक्षरी शब्द तोच अर्थ पुन्हा सांगतात. नामाचे क्रियापद करणे ही दुसरी रीत. ‘रिचर्ड दुसरा’ या नाटकात पुतण्या गोड बोलत ‘काका’ म्हणतो, तेव्हा यॉर्क ‘अंकल’ या नामाचेच क्रियापद करून त्याला झिडकारतो. आपण चिडून ‘काका-बिका म्हणू नकोस’ म्हणतो, तोच हा ठसका.

शेक्सपिअरने इंग्रजीला १,७०० शब्द नव्याने दिले, असे विधान वारंवार केले जाते. ते सावधपणे घ्यायला हवे. ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशासाठी उदाहरणे टिपणाऱ्या वाचकांनी त्याचे साहित्य फार बारकाईने वाचले होते, म्हणून अनेक शब्दांचा सर्वांत जुना दाखला त्याच्या नावावर नोंदला गेला. जुनी पुस्तके संगणकावर शोधता येऊ लागल्यावर त्यांपैकी पुष्कळ शब्दांचे आधीचे दाखले मिळाले. त्याची शब्दसंपत्ती सुमारे २०,००० शब्दांची मानली जाते. लेखनाच्या प्रमाणात पाहता ती समकालीन नाटककारांहून फार वेगळी नाही. त्याचे मोठेपण शब्दांच्या संख्येत शोधण्यापेक्षा त्यांच्या मांडणीत शोधावे.

वाक्प्रचारांत मात्र त्याचा ठसा स्पष्ट दिसतो. मत्सराला ‘हिरव्या डोळ्यांचा राक्षस’ म्हणणे ‘ऑथेल्लो’तून रूढ झाले. न कळणाऱ्या गोष्टीला ‘ग्रीक’ म्हणण्याची पद्धत ‘ज्युलियस सीझर’मधील कास्काच्या उद्गाराने घट्ट झाली; नाटकात सिसेरो खरोखरच ग्रीकमध्ये बोललेला असतो. काही प्रयोगांचे अर्थ वाटेत बदलले. ‘फोरगॉन कन्क्लूजन’ म्हणजे आज आधीच ठरलेला निकाल. ऑथेल्लोच्या तोंडी त्याचा अर्थ पूर्वी घडून गेलेली गोष्ट असा आहे. ‘चकाकते ते सारे सोने नसते’ ही म्हण त्याच्याही आधीची आहे, त्याने तिला लोकप्रियता दिली.

हा प्रभाव टिकला तो छापील प्रतींमुळे. जॉन हेमिंग व हेन्री कॉन्डेल या सहकारी नटांनी १६२३ साली ‘फर्स्ट फोलिओ’ हा त्याच्या नाटकांचा संग्रह काढला. त्यातील ३६ नाटकांपैकी १८ तोवर छापलेलीच नव्हती आणि त्यांत ‘मॅक्बेथ’ही होते. सॅम्युअल जॉन्सनने १७५५च्या कोशात शेक्सपिअरमधून विपुल अवतरणे घेतली, त्यामुळे त्याचा शब्दप्रयोग प्रमाण मानला जाऊ लागला. पुढे इंग्रजी शिक्षणाबरोबर तो भारतात आला. महादेवशास्त्री कोल्हटकरांचे ‘ऑथेल्लो’चे मराठी भाषांतर १८६७ साली प्रसिद्ध झाले. गोपाळ गणेश आगरकरांनी ‘हॅम्लेट’ ‘विकारविलसित’ या नावाने मराठीत आणले. त्याचे काम त्यांनी १८८२ साली डोंगरीच्या तुरुंगात एकशे एक दिवस काढताना केले होते.