सिउदाद हुआरेसच्या लढाया

मेक्सिकोच्या चिवावा राज्यातील सिउदाद हुआरेस या सीमेवरच्या शहरासाठी १९११ ते १९२९ या काळात बंडखोर आणि सरकारी सैन्य यांच्यात अनेकदा लढाया झाल्या. हे शहर रिओ ब्राव्हो नदीच्या दक्षिण तीरावर असून समोरच्या तीरावर अमेरिकेच्या टेक्सस राज्यातील एल पासो आहे. १६५९ मध्ये येथे स्पॅनिश मिशनऱ्यांचे ठाणे वसले आणि दीर्घकाळ ही वस्ती ‘पासो देल नोर्ते’ म्हणजे उत्तरेचा घाट या नावाने ओळखली जाई. फ्रेंच आक्रमणाच्या काळात राष्ट्राध्यक्ष बेनितो हुआरेस यांनी १८६५-६६ मध्ये येथून सरकार चालवले होते. त्यांच्या स्मरणार्थ १८८८ मध्ये शहराला सध्याचे नाव मिळाले.

गाव लहान असूनही प्रत्येक बंडखोर सेनानीला ते हवे असे, कारण १८८४ मध्ये राजधानीपासून आलेला लोहमार्ग येथे अमेरिकी लोहमार्गांना मिळत होता. जकात नाक्याचे रोख उत्पन्न, पलीकडच्या बाजारातून येणाऱ्या बंदुका व काडतुसे आणि पराभव झाल्यास नदी ओलांडून जाण्याची सोय या गोष्टी एकाच ठिकाणी मिळत. मात्र हीच सीमा लढणाऱ्यांचे हातही बांधत असे. नदीपार गेलेली गोळी अमेरिकी नागरिकाला लागली, तर अमेरिकेचे सैन्य मध्ये पडण्याचा धोका होता. येथील लढायांचे डावपेच या धोक्याचा विचार केल्याशिवाय समजत नाहीत.

पहिली आणि सर्वांत परिणामकारक लढाई ८ ते १० मे १९११ या काळात झाली. तीन दशकांहून अधिक काळ सत्तेवर असलेला राष्ट्राध्यक्ष पोर्फिरिओ दियास याच्याविरुद्ध फ्रान्सिस्को मादेरो यांनी उठाव पुकारला होता आणि पास्कुआल ओरोस्को व पांचो व्हिया यांच्या तुकड्या शहराला वेढा घालून बसल्या होत्या. शहराच्या रक्षणाला जनरल हुआन नाव्हारो याच्या हाताखाली सुमारे ७०० सैनिक होते. बोलणी फसल्यावरही एल पासोवर गोळ्या जातील या भीतीने मादेरो यांनी हल्ला न करता दक्षिणेकडे वळण्याचे ठरवले. पण ओरोस्को आणि व्हिया यांना ते मान्य नव्हते. ८ मे रोजी नदीकाठी चकमक सुरू झाली आणि ती थांबवण्याचे मादेरो यांचे प्रयत्न व्यर्थ गेले. बंडखोर नदीच्या आणि पाटाच्या कडेने पुढे सरकले, म्हणजे त्यांच्यावर झाडलेल्या गोळ्या अमेरिकेच्या दिशेने जाव्यात. रस्त्यांच्या तोंडाशी मशीनगन असल्यामुळे गावात शिरल्यावर त्यांनी रस्ते टाळले आणि कच्च्या विटांच्या भिंती फोडत एका घरातून दुसऱ्या घरात वाट काढली. शहराचे पाणी तोडलेले होते. तहानेने आणि दारूगोळ्याच्या टंचाईने जेरीस आलेल्या नाव्हारोने १० मे रोजी शरणागती पत्करली. एल पासोत घरांच्या गच्च्यांवरून लढाई पाहायला गर्दी जमली होती आणि भरकटलेल्या गोळ्यांनी तेथेही काही माणसे मेली.

विजयानंतर तीनच दिवसांनी बंडखोरांत फूट दिसली. नाव्हारोच्या सैनिकांनी आधीच्या सेरो प्रिएतो येथील लढाईनंतर कैद्यांना ठार केले होते, म्हणून त्याला मृत्युदंड द्यावा अशी ओरोस्को आणि व्हिया यांची मागणी होती. सैनिकांची उपासमार आणि मादेरो यांनी नेमलेले मंत्रिमंडळ याबद्दलही नाराजी होती. १३ मे रोजी दोघे सशस्त्र माणसांसह मादेरो यांच्यासमोर उभे राहिले. मादेरो यांनी बाहेर येऊन थेट सैनिकांसमोर भाषण केले, त्यांना आपल्या बाजूला वळवले आणि नाव्हारोला स्वतः नदीपर्यंत पोहोचवले. या प्रसंगात त्यांचे धैर्य आणि कैद्याच्या जिवाबद्दलची आस्था निर्विवाद दिसते. २१ मे रोजी जकात कचेरीसमोर झालेल्या हुआरेस तहात दियास व उपाध्यक्ष रामोन कोराल यांचे राजीनामे आणि फ्रान्सिस्को लेओन दे ला बारा यांचे हंगामी अध्यक्षपद ठरले. दियासने २५ मे रोजी सत्ता सोडली. पण याच तहाने बंडखोर तुकड्या मोडीत काढायचे आणि जुने केंद्रीय सैन्य तसेच ठेवायचे मान्य केले. ती फार मोठी चूक होती. त्याच सैन्याचा जनरल व्हिक्तोरियानो उएर्ता याने फेब्रुवारी १९१३ मध्ये तोवर राष्ट्राध्यक्ष झालेल्या मादेरो यांना पदच्युत केले आणि त्यांची हत्या झाली.

मधल्या काळात, १९१२ च्या फेब्रुवारीत, मादेरो-विरोधी बंडखोरांनी शहर फारशा प्रतिकाराविना घेतले होते आणि ओरोस्कोही त्यांना जाऊन मिळाला. ऑगस्टमध्ये सरकारी सैन्याने ते परत मिळवले.

उएर्ताच्या सरकारविरुद्ध लढणाऱ्या व्हियाने १५ नोव्हेंबर १९१३ रोजी घेतलेला कबजा मात्र युक्तीने झाला. चिवावा शहरावरचा हल्ला फसल्यावर व्हियाने कोळसा वाहणारी आगगाडी ताब्यात घेतली आणि स्थानकांवरील तारबाबूंकडून हुआरेसला तारा पाठवल्या. पुढे बंडखोर आहेत, गाडी मागे आणावी का, असा त्यांचा आशय होता. मागे येण्याचा हुकूम मिळाला, तेव्हा कोळशाच्या जागी डब्यांत सुमारे २,००० सैनिक बसले होते. गाडी मध्यरात्रीनंतर स्थानकात शिरली आणि पहाटेपर्यंत शहर व्हियाचे झाले. केंद्रीय सैन्य चालून येत असल्याचे कळताच त्याने शहरात थांबून लढणे टाळले, कारण तोफगोळे एल पासोवर पडले असते. २३ ते २५ नोव्हेंबरला दक्षिणेकडील तिएरा ब्लांका येथील वाळवंटात त्याने शत्रूचा पराभव केला. लगेच डिसेंबरमध्ये तो चिवावाचा गव्हर्नर झाला.

१९१५ च्या अखेरीस व्हियाचे साम्राज्य ढासळले आणि शहर त्याचे क्रांतीतील प्रतिस्पर्धी व्हेनुस्तियानो कारान्सा यांच्या पक्षाकडे गेले. जून १९१९ मध्ये व्हियाने आपले जनरल फेलिपे आन्खेलेस यांच्यासह पुन्हा हल्ला केला आणि शहराचा बराचसा भाग घेतला; पण एल पासोत गोळ्या पडून माणसे जखमी झाल्यावर अमेरिकी घोडदळ, पायदळ आणि तोफखाना नदी ओलांडून आले. व्हियाला माघार घ्यावी लागली. १९११ मध्ये मादेरो यांना जी भीती वाटत होती, ती आठ वर्षांनी खरी ठरली. आन्खेलेस त्याच वर्षी पकडले गेले आणि २६ नोव्हेंबर रोजी चिवावा शहरात त्यांना गोळ्या घालण्यात आल्या.

मार्च १९२९ मध्ये जनरल एस्कोबार याने सरकारविरुद्ध केलेल्या बंडात शहर पुन्हा काही काळ बंडखोरांकडे गेले. जेथे तह झाला तेथील जुन्या जकात कचेरीच्या इमारतीत आता सीमेवरील क्रांतीचे संग्रहालय आहे.