सिरीयल-सिनेमे माणसं बदलतात, हे कळलं कसं?

मनोरंजनामुळे पोरं बिघडतात ही तक्रार टीव्हीच काय, सिनेमाच्याही आधीची आहे. १७७४ मध्ये जर्मन लेखक गटेची कादंबरी आली, त्यातला वेर्थर प्रेमभंगातून जीव देतो, तर तरुण मंडळी त्याच्यासारखा निळा कोट घालून फिरायला लागली आणि आता त्याच्यासारखं मरतीलही या भीतीने पुढच्याच वर्षी लाइपझिग शहराने पुस्तकावर आणि त्या कपड्यांवरसुद्धा बंदी घातली!

पुढे १९६१ मध्ये मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बांडुराने अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठात लहान मुलांसमोर मोठ्या माणसाला एका फुगवलेल्या बाहुलीला बदडायला लावलं, नंतर मुलांनीही तेच केलं. दोन वर्षांनी फिल्म दाखवून केलं तरी तेच. प्रयोग गाजला, पण लॅबमधल्या थोड्या वेळावरून आयुष्यभराचं काही ठरवता येत नाही असं मला वाटतं.

खरा मुद्दा टीव्हीच्या परिणामांचा अभ्यास करणाऱ्या जॉर्ज गर्बनरने पकडला. त्याचं म्हणणं, टीव्ही खूप बघणाऱ्याला जग आहे त्यापेक्षा जास्त धोक्याचं वाटायला लागतं, म्हणजे नक्कल सोडा, 'नॉर्मल' काय हेच पडदा ठरवतो आणि आपल्याला पत्ताही लागत नाही.

फिजीचं उदाहरण वाचून तर वाईट वाटतं. तिथे भरलेलं अंग चांगलं मानायचे. १९९५ मध्ये एका भागात टीव्ही नुकताच आला होता तेव्हा अ‍ॅन बेकर या संशोधक बाईने शाळेतल्या मुलींची पाहणी केली, १९९८ मध्ये परत केली, तर खाण्याबद्दलच्या बिघडलेल्या सवयींची लक्षणं १२.७ टक्क्यांवरून २९.२ टक्क्यांवर गेलेली, आणि मुली स्वतःच सांगत होत्या की टीव्हीवरच्या बायकांसारखं बारीक व्हायचंय.

पण सगळं वाईटच होतं असंही नाही. ब्राझीलमध्ये १९६० ला बाईमागे सरासरी ६.३ मुलं होती, २००० मध्ये २.३, आणि सरकारने कुटुंबनियोजनाची मोहीम अशी काही राबवलीच नव्हती. शिक्षण, शहरं ही कारणं आहेतच, पण रेदे ग्लोबो चॅनेल जिथे जिथे पोचलं तिथे जन्म आणखी कमी झाले असं २०१२ च्या एका अभ्यासात दिसलं. त्यांच्या सिरीयलमधल्या पन्नाशीच्या आतल्या मुख्य बायकांपैकी ७२ टक्क्यांना मूलच नव्हतं, २१ टक्क्यांना एकच. कमी मुलं होऊ द्या असं कुणी सांगत नव्हतं, लोक रोज संध्याकाळी फक्त गोष्ट बघत होते, आणि त्याच भागांत बाळांना त्या वर्षीच्या सिरीयलमधल्या पात्रांची नावंही जास्त ठेवली जात होती.