खरी वेळ पुढच्या महिन्यात कळते

सध्या पोरांमध्ये एक गोष्ट जोरात आहे. काळ सांभाळणाऱ्या इंजिनिअर लोकांचा एक संघ असतो, जमिनीखाली त्यांचं मोठं यंत्र, काळाला कुठे तडा गेला की हे पाने-पक्कड घेऊन हजर. गोष्ट मस्त आहे, तिच्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे ती तिच्या मागून येणाऱ्या फॉरवर्डची, की असा संघ खरंच आहे, तो काळ पुढेमागे करतो अन् सरकारं हे आपल्यापासून लपवतात. अरे भो, लपवलंय कुठे? दिल्लीला नॅशनल फिजिकल लॅबोरेटरी आहे, भारतीय प्रमाणवेळ तिथे सांभाळतात, आणि सगळ्या जगाच्या वेळेचा हिशोब पॅरिसजवळ सेव्रला बीआयपीएम नावाच्या संस्थेत लागतो. काळ कोणाच्या हातात नाही, पण हे लोक घड्याळांच्या चुका ज्या पद्धतीने पकडतात ते वाचून मी तर वेडा झालोय.

घड्याळ चुकतंच, हे आधी मान्य करायचं. भिंतीवरच्या घड्याळात क्वार्ट्झचा बारीक तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो, पण त्याचा वेग २५ डिग्रीच्या आसपासच सगळ्यात जास्त असतो, त्याच्या वर गेलं तरी मंदावतो, खाली गेलं तरी मंदावतो. म्हणजे आपल्या जळगाव-भुसावळच्या मे महिन्यात, घरात ४५ डिग्री असताना, ते दिवसाला साधारण एक सेकंद मागे पडू शकतं. सेल बदलून काही होत नाही, दोष उन्हाचा आहे.

मग न चुकणारं काय? सिझियम नावाच्या धातूचा अणू. त्याचा सगळ्यात बाहेरचा इलेक्ट्रॉन आणि अणुकेंद्र, दोघंही बारीक चुंबकासारखे वागतात, त्यांच्या दोन मांडण्या असतात आणि त्या दोन्हींच्या ऊर्जेत अगदी थोडासा फरक. तेवढ्या फरकाची मायक्रोवेव्ह पडली की अणू एका मांडणीतून दुसरीत उडी मारतो, आणि ती लहर सेकंदाला ९,१९,२६,३१,७७० वेळा हलते. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच ही आहे. दिल्लीचा सिझियम, चोपड्याचा सिझियम, सगळा सारखाच.

आता माझा आवडता भाग, जरा सावकाश वाचा. अणुघड्याळातही टिकटिक करणारा क्वार्ट्झच असतो! त्याच्याच थरथरीवरून ती मायक्रोवेव्ह बनवतात. एका टोकाला छोट्या भट्टीत सिझियम तापवून अणूंची धार सोडायची, चुंबकाने एकाच मांडणीचे अणू निवडायचे, मायक्रोवेव्हच्या पोकळीतून न्यायचे, पुढे दुसऱ्या चुंबकाने उडी मारलेले वेगळे काढून मोजायचे. क्वार्ट्झ बरोबर असेल तर उड्या जास्तीत जास्त पडणार. पण अडचण अशी की कोणत्या फ्रीक्वेन्सीला (म्हणजे सेकंदाला किती थरथरी) किती उड्या पडतात ह्याच्या आलेखाचं शिखर माथ्यावर सपाट असतं, तिथे उभं राहून कळतच नाही की आपण बरोबर मध्यावर आहोत की किंचित बाजूला. म्हणून मुद्दाम चुकायचं. मायक्रोवेव्हची फ्रीक्वेन्सी थोडी डावीकडे न्यायची, मोजायचं, तेवढीच उजवीकडे न्यायची, मोजायचं. दोन्हीकडे आकडा सारखा आला तर आपण मध्यावर, एकीकडे जास्त आला तर तिकडे सरकायचं. जुन्या रेडिओवर जळगाव आकाशवाणी लावताना आपण चाक थोडं पुढे थोडं मागे करून मधली जागा पकडायचो, तेच, फक्त इथे मशीन हे अखंड करत राहतं आणि क्वार्ट्झला ढळू देत नाही. चांगल्या सिझियम घड्याळाला सेकंदभर चुकायला लाखो वर्षं लागतात.

तरीही एका घड्याळावर कोणी विसंबत नाही. जगभरातल्या प्रयोगशाळांमधली शेकडो अणुघड्याळं आपसात ताडून बघतात, जे स्थिर चालतं त्याचं मत जास्त धरतात, आणि त्या सरासरीतून जगाची वेळ निघते. म्हणजे जगाची खरी वेळ दाखवणारं घड्याळ कुठेच नाही, ती कागदावर आहे! कच्चा हिशोब दर आठवड्याला, पक्का महिन्यातून एकदा, तेव्हा दिल्लीला कळतं की मागच्या महिन्यात आपण किती नॅनोसेकंद (सेकंदाचा अब्जावा भाग) पुढे होतो का मागे. नॅनोसेकंद म्हणून सोडून देऊ नका, उपग्रहाच्या घड्याळात एक मायक्रोसेकंद, म्हणजे हजार नॅनोसेकंद, चूक झाली तर मोबाइलवरच्या नकाशात ३०० मीटरचा घोळ. नाविक म्हणजे आपली देशी जीपीएस, तिच्या पहिल्या उपग्रहातली तिन्ही परदेशी रुबिडियम घड्याळं (तीही अणुघड्याळंच) बंद पडली, तो उपग्रह जागा सांगायच्या कामाचाच राहिला नाही, आणि २०२३ मध्ये एनव्हीएस-०१ ह्या नव्या उपग्रहातून देशी रुबिडियम घड्याळ वर गेलं. ह्याचा मला मनापासून अभिमान आहे.

इथे कोणीतरी म्हणणारच की हे सगळं आपल्याकडे आधीच होतं. चाळीसगावजवळ पाटणादेवीला १२०७ सालचा शिलालेख आहे, भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवायला त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, मठ काढला त्याचा. भास्कराचार्यांनी त्रुटी हे माप दिलंय, सेकंदाचा साधारण ३३,७५० वा भाग, आणि त्यावरून ‘ते मायक्रोसेकंद मोजायचे’ असे मेसेज फिरतात. नाही हो, ते गणितातलं एकक आहे, तेवढा वेळ मोजणारं यंत्र तेव्हा नव्हतं. त्यांचं खरं मोठेपण घटिकापात्रात आहे. तळाला भोक असलेलं तांब्याचं भांडं पाण्यावर सोडायचं, पण भोक किती मोठं हे ते सांगतच नाहीत. ते म्हणतात, भांडं दिवसरात्रीत किती वेळा बुडतं ते मोजा आणि त्या आकड्याने दिवसरात्रीला भागा, म्हणजे एका बुडण्याचा वेळ मिळतो. भांडं कसंही असू दे, त्याची चूक आकाशाशी ताडून काढा! दिल्लीतली मंडळी आजही हेच करतात, आकाशाच्या जागी अणू आलाय एवढंच. हे सोडून मायक्रोसेकंदाची बढाई कशाला मारायची?

आणि आता आकाशाशी थोडं भांडणच आहे, कारण पृथ्वीचं फिरणं अणूइतकं नेमाने चालत नाही. म्हणून १९७२ पासून २७ वेळा एक सेकंद जादा घातला, शेवटचा आपल्याकडे १ जानेवारी २०१७ ला पहाटे साडेपाचच्या ठोक्याला. त्याने कॉम्प्युटर गडबडतात, म्हणून २०३५ पर्यंत ही पद्धत बंद करायचं २०२२ मध्ये ठरलं. काही लोक हळहळतायत की घड्याळ सूर्यापासून तुटेल. मला निर्णय पटतो. आपली प्रमाणवेळ मिर्झापूरजवळच्या रेखांशाची, त्यामुळे जळगावला सूर्य माथ्यावर यायला सरासरी १२ वाजून २८ मिनिटं होतात, नंदुरबारला ३३, आणि त्यापायी ना केळीचे ट्रक थांबले ना शाळा. जादा सेकंद बंद केला तर शंभर वर्षांत त्यात फार तर एखाद-दोन मिनिटांची भर पडेल.