शोधखेळातून नगरदर्शन : सोलापूर

मोबाइलवरील ॲपच्या आधारे एकामागून एक कोडी सोडवत, ठरावीक ठिकाणे गाठत आणि तिथे सांगितलेले लहानसे काम पुरे करत एखादे शहर पायी पाहण्याची पद्धत म्हणजे शोधखेळातून नगरदर्शन होय. महाविद्यालयांची स्नेहसंमेलने आणि कंपन्यांचे कर्मचारी-मेळावे यांमुळे महाराष्ट्रात हा खेळ ‘ट्रेझर हंट’ या नावाने परिचित आहे. खेळाडू सहसा तीन ते पाच जणांचे गट करतात. ॲप पहिली खूण दाखवते. तिचा उलगडा करून गट योग्य जागी पोहोचला, की उत्तर, छायाचित्र किंवा केवळ उपस्थिती यांपैकी जे मागितले असेल ते नोंदवायचे आणि मग पुढची खूण उघडते. मार्गदर्शकाबरोबरच्या सहलीत माहिती आधी कानावर पडते आणि नजर तिच्यामागून जाते. शोधखेळात आधी पाहावे लागते, तर्क करावा लागतो, आणि माहिती त्यानंतर मिळते. या पद्धतीचे खरे बळ या उलट्या क्रमात आहे. गुण, बक्षीस आणि स्पर्धा या गोष्टी त्यामानाने दुय्यम आहेत.

खुणांवरून वस्तू शोधण्याचा खेळ जुना आहे. इंग्लंडमधील डार्टमूरच्या माळरानावर १८५४ मध्ये क्रॅनमियर पूल या दुर्गम जागी जेम्स पेरॉट या वाटाड्याने एक बाटली ठेवली आणि तिथवर पोहोचणाऱ्यांनी आपल्या नावाचे कार्ड तीत टाकावे अशी प्रथा पडली. पुढे त्यातूनच पेट्या लपवण्या-शोधण्याचा छंद वाढला. आजच्या स्वरूपाला मात्र उपग्रहांनी जन्म दिला. अमेरिकेच्या जीपीएस यंत्रणेचे संकेत सामान्य वापरासाठी मुद्दाम अस्पष्ट ठेवले जात. हे बंधन मे २००० च्या प्रारंभी उठले आणि ३ मे रोजीच ऑरेगन राज्यात डेव्ह उल्मर यांनी एक बादली लपवून तिचे अक्षांश-रेखांश जाहीर केले. ‘जिओकॅशिंग’ म्हणून ओळखला जाणारा जगभरचा छंद तिथून सुरू झाला. जुलै २०१६ मध्ये आलेल्या ‘पोकेमॉन गो’ने रस्त्यावर फोन हाती घेऊन फिरणे कोट्यवधी लोकांच्या अंगवळणी पाडले, पण त्यात शहर केवळ पार्श्वभूमीला राहते. नगरदर्शनाच्या शोधखेळात शहर हाच विषय असतो, म्हणून त्याची आखणी निराळ्या हातांनी व्हावी लागते.

ॲपची यंत्रणा समजायला अवघड नाही. प्रत्येक ठिकाणाचे अक्षांश-रेखांश नोंदलेले असतात आणि त्याभोवती काही मीटर त्रिज्येचे वर्तुळ कल्पिलेले असते; फोन त्या वर्तुळात आला की खूण उघडते. सोलापूर सुमारे १७.७ अंश उत्तर अक्षांशावर आहे. तिथे अंशाच्या दशांश चिन्हानंतरच्या चौथ्या अंकात एकाचा फरक पडला, तर जागा उत्तर-दक्षिण दिशेत सुमारे ११ मीटर आणि पूर्व-पश्चिम दिशेत सुमारे साडेदहा मीटर सरकते. मोकळ्या आकाशाखाली चांगला फोन साधारण पाच मीटरपर्यंत अचूक असतो. मात्र दोन्ही बाजूंनी उंच भिंती असलेल्या बोळात संकेत भिंतींवर आपटून येतात आणि चूक बरीच वाढते. म्हणून होम मैदानासारख्या उघड्या जागी २० मीटरचे वर्तुळ पुरते, तर जुन्या पेठांमध्ये ते ५० मीटरपर्यंत वाढवावे किंवा उपग्रहावर विसंबणेच टाळून प्रत्यक्ष पाहून द्यायचे उत्तर मागावे. जपानमधील डेन्सो वेव्ह कंपनीने १९९४ मध्ये तयार केलेला क्यूआर कोड हाही एक मार्ग आहे, परंतु तो कागदावर छापून कुठेतरी चिकटवावा लागतो. तो फाटतो, पावसात विरतो आणि पुरातन वास्तूवर तर चिकटवताच येत नाही.

खूण चांगली की वाईट हे ठरवण्याची एक सोपी कसोटी आहे : घरी बसून, फोनवर शोध घेऊन तिचे उत्तर सापडत असेल, तर ती खूण निकामी समजावी. ‘सिद्धेश्वर मंदिर कोणत्या शतकातील?’ हा परीक्षेचा प्रश्न झाला. ‘तळ्याच्या काठाने उभे राहून पाहा, मंदिराकडे जाणारी वाट पाण्यात कुठून शिरते?’ हा शोधखेळाचा प्रश्न आहे, कारण त्यासाठी तिथे जाऊन मान वळवावी लागते. सोलापूर हे शहर अशा खुणांना विशेष अनुकूल आहे. इथला इतिहास फलकांवर फारसा लिहिलेला नाही; तो चौकांच्या नावांत, चार भाषांच्या पाट्यांत आणि बंद पडलेल्या गिरण्यांच्या आवारांत विखुरलेला आहे, आणि जाता-येता रोज दिसणारी ही ठिकाणे खुद्द सोलापूरकरांच्याही नजरेतून सुटतात.

मार्गाचा आरंभ सिद्धेश्वर तलावापाशी करणे सर्वांत श्रेयस्कर. एका आवाक्यात तळे, त्याच्या पाण्यातील मंदिर आणि काठावरचा भुईकोट किल्ला अशी तीन पर्वे इथे एकत्र येतात. बाराव्या शतकातील शिवयोगी सिद्धरामेश्वर हे बसवण्णांच्या परंपरेतील थोर वचनकार. त्यांनी आणि त्यांच्या अनुयायांनी हे तळे खोदले अशी परंपरा सांगते. किल्ला बहमनी काळातील असून त्याला एकात एक अशा दोन तटबंद्या आहेत. मे १८१८ मध्ये इंग्रज सेनापती मन्रो याने पेशव्यांच्या या ठाण्याला वेढा घातला आणि काही दिवसांतच ते पडले. दुहेरी तट ही माहिती म्हणून कुणीही सांगेल. पण ‘पहिल्या दरवाजातून आत आल्यावर दुसरा दरवाजा समोर का नाही?’ असे विचारले, तर गटाला थांबून हल्लेखोराच्या जागी स्वतःला कल्पून पाहावे लागते. किल्ल्याच्या आत जुन्या मंदिराचे अवशेष आणि नक्षीदार खांबही आहेत, तेव्हा या एका आवारातच तीन-चार खुणा सहज बसतात.

सिद्धरामेश्वरांनी शहराभोवती अडुसष्ट लिंगे स्थापन केली अशी श्रद्धा आहे. मकर संक्रांतीच्या सुमारास भरणाऱ्या गड्डा यात्रेत यण्णीमज्जनाच्या, म्हणजे तैलाभिषेकाच्या, दिवशी उत्तर कसब्यातील हिरेहब्बू वाड्यापासून सात नंदीध्वज निघतात आणि या अष्टषष्टी लिंगांची प्रदक्षिणा करतात. नंदीध्वजांच्या उंच काठ्या पेलणारे पांढऱ्या बाराबंदीतले मानकरी आणि त्यांच्यामागून चालणारे हजारो भाविक वर्षातून एकदा सारे शहर पायाखाली घालतात. दुसऱ्या दिवशी संमती कट्ट्यावर अक्षता सोहळा, म्हणजे सिद्धरामेश्वरांचा प्रतीकात्मक विवाह, होतो आणि त्याच्या पुढच्या दिवशी होमप्रदीपन. ठरलेल्या क्रमाने ठरलेली ठिकाणे गाठत शहर ओळखीचे करून घेण्याची रीत सोलापुरात अशी पूर्वापार आहे, आणि शोधखेळ आखणाऱ्याने तिच्याकडून पुष्कळ शिकावे. ही लिंगे काही ठिकाणी चौकाच्या कडेला, काही ठिकाणी वस्तीच्या आत आहेत. त्यांपैकी पाच-सहा लिंगांचा मार्ग यात्रेखेरीजच्या दिवसांत शांतपणे पाहता येतो. मात्र ती पूजेची स्थाने आहेत. तिथे पळापळ, घोषणा आणि वेळेची चढाओढ नसावी, आणि म्हणून या टप्प्यापुरते वेळेचे गुण बंद ठेवावेत हे उचित.

दुसरा समूह वेशींचा आहे. बाळीवेस, तुळजापूर वेस, विजापूर वेस, नवी वेस ही नावे आजही रोजच्या बोलण्यात आहेत, पण ज्या गावकुसाला या वेशी होत्या ते कुसू गेले. ‘वेस माझ्या नावात आहे, दार मात्र कुठेच नाही, ज्या गावी मी वाट दाविते, ती आई भवानी तिथेच राही’ अशी ओवीवजा खूण दिली, तर गटाला तुळजापूर वेस सापडतेच, शिवाय शहर कधीकाळी किती लहान होते आणि कोणत्या दिशेच्या गावांशी त्याचा व्यवहार होता हेही कळते. चारही नावे नकाशावर जोडायला सांगितली की जुन्या गावाचा आकार आपोआप उमटतो. माझ्या मते सोलापूरच्या मार्गातील ही सर्वांत फलदायी कल्पना आहे, कारण जे आता उभे नाही ते पाहायला ती शिकवते.

चार हुतात्मा चौकाचा टप्पा वेगळ्या वृत्तीने आखावा लागतो. मे १९३० मध्ये महात्मा गांधींच्या अटकेनंतर सोलापुरात असंतोष उसळला, काही दिवस इंग्रजी अंमल जवळपास संपुष्टात आला आणि त्यानंतर शहरावर लष्करी कायदा लादला गेला. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन आणि श्रीकिसन सारडा यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवडा तुरुंगात फाशी देण्यात आली. चार नावांमधून चार समाज एकत्र दिसतात, आणि ही गोष्ट पुतळ्यांसमोर उभे राहून नावे मोठ्याने वाचताना जितकी उमगते तितकी पुस्तकात उमगत नाही. इथे काम द्यायचे तर तेवढेच द्यावे : नावे वाचा, दोन मिनिटे थांबा, पुढे जा. पुतळ्यांशी हसऱ्या मुद्रेत छायाचित्र काढण्याचे काम, जे तयार ॲपमध्ये बहुतेक प्रत्येक पुतळ्यासाठी आपसूक येते, ते इथून काढून टाकावे. महापालिकेची इंद्रभुवन ही देखणी वास्तू येथून फार दूर नाही. तिच्या दर्शनी भागातील शिल्पकामावर निरीक्षणाचे अनेक प्रश्न काढता येतात.

शहराचा पूर्व भाग हा शोधखेळाचा दुसरा गाभा आहे. साखर पेठ, दाजी पेठ, भद्रावती पेठ, घोंगडे वस्ती, कन्ना चौक, अशोक चौक या परिसरात तेलुगूभाषक पद्मशाली विणकरांची दाट वस्ती आहे. दुकानांच्या पाट्या मराठीबरोबर तेलुगूतही दिसतात. शहराच्या इतर भागांत कन्नड आणि उर्दूही सहज कानी पडते. चार जणांच्या गटात एकाला कन्नड, एकाला तेलुगू येत असेल असे गट पाडले आणि एक खूण एका भाषेत, पुढची दुसऱ्या भाषेत दिली, तर कुणालाही एकट्याने जिंकता येत नाही. तेलुगू न येणाऱ्या गटाने नाक्यावरच्या आजोबांना ‘अहो, ही पाटी वाचून दाखवता का?’ असे विचारावे, हा तर खेळाचाच भाग मानावा. नारळी पौर्णिमेला निघणारा श्री मार्कंडेय रथोत्सव हे या समाजाचे मोठे पर्व असल्याने मार्कंडेय मंदिराचा समावेश या मार्गात असलाच पाहिजे.

इथल्या यंत्रमागांवर विणली जाणारी सोलापुरी चादर आणि टॉवेल यांना भौगोलिक मानांकन मिळालेले आहे. एखाद्या कारखानदाराची आधी परवानगी घेऊन चालू माग दाखवता आला, तर त्याची बरोबरी करणारी खूण दुसरी नाही. जॅकार्ड मागावर छिद्रे पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरत असते; छिद्र असेल तिथे ताण्याचा धागा वर उचलला जातो, नसेल तिथे तो खाली राहतो, आणि त्यावरून चादरीवर मोर किंवा फूल उमटते. फोन ज्या तत्त्वाने क्यूआर कोडमधील काळे-पांढरे चौकोन वाचतो, त्याच ‘आहे-नाही’च्या भाषेत हा माग नक्षी वाचत असतो. पुठ्ठ्याचा तुकडा हातात देऊन त्यावरून नक्षीची एक ओळ कागदावर काढायला लावणे हे काम शाळकरी मुलांना फार आवडण्याजोगे आहे. जुनी मिल, लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी या कापड गिरण्यांनी सोलापूरला गिरणगाव केले. त्या बंद पडल्या तरी त्यांची नावे परिसराला चिकटून राहिली, आणि कुटुंबातल्या कुणी तिथे काम केले असेल तर त्यांची एक आठवण आवाजात नोंदवून आणणे हे काम मार्गाबाहेरच्या गुणांसाठी ठेवता येते.

भैय्या चौकाजवळील, चीनमध्ये रुग्णसेवा केलेल्या डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचे स्मारक, १८६० मध्ये रेल्वे आल्यापासून वाढत गेलेला स्टेशन परिसर आणि शेंगा चटणी-कडक भाकरीची दुकाने हे टप्पे वेळ असल्यास जोडावेत. धर्मवीर संभाजी तलाव, म्हणजेच कंबर तलाव, आणि १८७१ च्या सुमारास पुरा झालेला एकरुख ऊर्फ हिप्परगा तलाव पायी मार्गात बसत नाहीत; त्यांसाठी वाहनाचा स्वतंत्र मार्ग हवा.

व्यावहारिक बाबींत ऋतूचा विचार पहिला. एप्रिल-मे महिन्यांत सोलापूरचा पारा ४० अंशांच्या वर जातो, तेव्हा खेळ नोव्हेंबर ते फेब्रुवारी या काळात आणि सकाळी अकराच्या आत संपेल असा ठेवावा. गड्ड्याच्या दिवसांत तळ्याच्या परिसरातील मार्ग बंद ठेवावा. नवी पेठ आणि लक्ष्मी मंडई यांच्या गर्दीत चालताना फोनकडे पाहावे लागू नये म्हणून तिथल्या खुणा आधीच वाचून दाखवणाऱ्या असाव्यात. किल्ला केंद्रीय पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली असल्याने १९५८ च्या कायद्यानुसार तिथे काही चिकटवणे, कोरणे किंवा लपवणे निषिद्ध आहे. मुलांच्या गटांबाबत २०२३ चा डिजिटल व्यक्तिगत विदा (डेटा) संरक्षण कायदा अठरा वर्षांखालील व्यक्तीची माहिती हाताळण्यापूर्वी पालकांची पडताळता येण्याजोगी संमती मागतो. ॲप प्रत्येक क्षणाची जागा नोंदवत असल्यामुळे शाळेने किंवा मंडळाने हे बंधन गंभीरपणे घ्यावे, गटासाठी एकाच मोठ्या माणसाचा फोन वापरावा आणि खेळ संपताच मार्गाच्या नोंदी पुसून टाकाव्यात.

एकदा आखलेला मार्ग फार काळ जसाच्या तसा चालत नाही. सिद्धेश्वर साखर कारखान्याच्या सहवीजनिर्मिती प्रकल्पाची उंच चिमणी विमानसेवेच्या प्रश्नावरून जून २०२३ मध्ये पाडण्यात आली, आणि ‘चिमणीच्या दिशेने पाहा’ असे सांगणारी कोणतीही खूण त्या दिवसापासून निरर्थक ठरली. पाट्या बदलतात, रस्त्यांची कामे निघतात, दुकाने हलतात. त्यामुळे दर खेळापूर्वी कुणीतरी संपूर्ण मार्ग एकदा चालून प्रत्येक उत्तर प्रत्यक्ष ताडून पाहणे आवश्यक आहे, आणि हे काम नकाशा पाहून किंवा फोनवरून विचारून होत नाही.